डाक आवृत्तीची वेळ आणि सेन्सॉरचा शिक्का

(इटारसी येथे मराठी रेल्वे व टपाल कामगारांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)



या वर्गासाठी मला विषय दिला आहे, "राजकीय उलथापालथीच्या काळात वृत्तपत्राची कचेरी कशी चालते". मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला, रेल्वेत हयात गेलेला माणूस. वर्तमानपत्रात मी कधी नोकरी केली नाही. तरी हा विषय मी आनंदाने घेतला, कारण वर्तमानपत्राचा निम्मा धंदा आपल्या लोकांच्या हातून होत आला आहे. बातमी लिहितो पत्रकार, पण तिची तार घेत होता तारबाबू, गठ्ठा ब्रेकव्हॅनमध्ये चढवत होता आपला पार्सल पोर्टर, वर्गणीदारांचे अंक लावत होता आर.एम.एस.चा सॉर्टर आणि घरी टाकत होता पोस्टमन. तेव्हा कचेरीच्या आत काय चालते हे आपण समजून घेतले तर बिघडणार नाही.

उदाहरण म्हणून मी १९७५ ते १९७७ ची आणीबाणी घेतो. मी त्या वेळी आठ वर्षांचा होतो, म्हणजे सांगतो आहे ते माझ्या डोळ्यांनी पाहिलेले नाही. वडील आर.एम.एस.मध्ये होते, त्यांच्याकडून काही ऐकले. एका जुन्या छापखान्यातल्या निवृत्त फोरमनकडून काही ऐकले. बाकीचे शहा आयोगाचे अहवाल, सरकारची श्वेतपत्रिका आणि कोर्टाचे निकाल यांत छापलेले आहे, कोणीही वाचावे.

आधी साधा दिवस कसा असे ते सांगतो. आजच्या पोरांना वाटते, पत्रकार संगणकावर टाइप करतो आणि पान तयार होते. त्या काळी तसे नव्हते. दुपारी वार्ताहर मंडळी आपापल्या ठिकाणी जात. कोणी सचिवालयात, कोणी कोर्टात, कोणी महापालिकेत, कोणी कामगार विभागाकडे. कचेरीत एका कोपऱ्यात टेलिप्रिंटर अखंड खडखडत असे. पी.टी.आय. आणि यू.एन.आय. यांच्या बातम्या त्यावर इंग्रजीत येत. मराठी पत्रातला उपसंपादक तो लांबलचक कागद फाडून घेई, टेबलावर पसरे आणि हाताने मराठीत लिहून काढी. एका पाळीत किती मजकूर लिहावा लागे विचारू नका. मग मुख्य उपसंपादक मथळा देऊन तो कागद खाली कंपोझिंगला पाठवी. तिथे जुळारी उभ्याने एकेक खिळा वेचून ओळ लावीत. मराठीत काना, मात्रा, वेलांटी, जोडाक्षरे, त्यामुळे केसमध्ये घरे किती तरी जास्त. मोठ्या पत्रांकडे मोनो-लायनोची यंत्रे होती, पण लहान पत्रे सगळी हातजुळणीवर. गॅलीचे प्रूफ निघे, मुद्रितशोधक ते तपासी, मग पान बांधले जाई आणि रात्री छपाई. शिशाच्या धुरात, कमी पगारात ही माणसे राबत.

आणि या सगळ्या गिरणीच्या वर एक घड्याळ. ते घड्याळ रेल्वेचे. मुंबईत छापलेला अंक दूरच्या गावाला सकाळी मिळायचा तर तो रात्रीच्या मेलने सुटलाच पाहिजे. म्हणून बाहेरगावची आवृत्ती आधी निघे. तिला नावच होते डाक आवृत्ती. भुसावळ, अकोला, नागपूरच्या वाचकाला जो अंक मिळे तो डाक आवृत्तीचा. तिची शेवटची वेळ संपादक ठरवत नसे, गाडीचे टाइमटेबल ठरवत असे. हावडा मेल आणि पंजाब मेल कोणत्याही अग्रलेखासाठी थांबत नाहीत. ही गोष्ट ध्यानात ठेवा, पुढे तिचा उपयोग आहे.

आता त्या रात्रीकडे येऊ. १२ जून १९७५ ला अलाहाबाद हायकोर्टाने इंदिरा गांधींची निवडणूक रद्द केली. २५ जूनच्या संध्याकाळी दिल्लीच्या रामलीला मैदानावर जयप्रकाशजींची सभा झाली. वार्ताहर ती बातमी लिहून देऊन घरी गेले. रात्रपाळीचा डेस्क पाने लावत होता आणि मध्यरात्रीच्या सुमारास बहादूरशाह जफर मार्गाची वीज गेली. तिथे ओळीने वर्तमानपत्रांच्या कचेऱ्या. कोणाला वाटले फ्यूज उडाला, कोणाला वाटले सबस्टेशनमध्ये बिघाड झाला. तो बिघाड नव्हता, तो हुकूम होता. गंमत अशी की "स्टेट्समन" आणि "हिंदुस्तान टाइम्स" यांच्या कचेऱ्या नवी दिल्ली नगरपालिकेच्या विजेवर होत्या. तिकडची वीज तोडायची राहिली, म्हणून ती दोन पत्रे सकाळी निघाली. ज्याने कधी पॉवर ब्लॉक घेतला आहे त्याला कळेल, सेक्शन नीट न पाहता स्विच ओढला की असे होते.

रात्री राष्ट्रपतींची सही झाली होती, मंत्रिमंडळाला पहाटे कळले आणि देशाला सकाळी आकाशवाणीवरून. २६ जूनलाच सेन्सॉरशिपचा हुकूम निघाला. दोन दिवसांत माहिती खात्याचे मंत्री इंद्रकुमार गुजराल गेले आणि विद्याचरण शुक्ल आले. मुख्य सेन्सॉर म्हणून हॅरी डी'पेन्हा नेमले गेले.

मग कचेरीत काय झाले? पहिल्या दिवसांत सगळा मजकूर आधी सेन्सॉरकडे न्यायचा, शिक्का मारून आणायचा आणि मगच छापायचा. म्हणजे प्रूफे घेऊन एक शिपाई किंवा ज्युनियर उपसंपादक सायकलने सेन्सॉरच्या कचेरीत जाणार, तिथे रांगेत बसणार. अधिकारी चहा पीत असला तर थांबणार. मग निळ्या पेन्सिलीने ओळी खोडल्या जाणार. ते कागद परत येणार तेव्हा बांधलेले पान पुन्हा सोडायचे, ओळी काढायच्या आणि भोक बुजवायला दुसरा मजकूर जुळवायचा. मोकळी जागा सोडायची नाही, असाही हुकूम होता. म्हणजे आम्ही तुमच्या घरातले भांडे नेले हे शेजाऱ्यालाही दिसता कामा नये. फोरमन मला म्हणाले, "साहेब, संपादकाला राग येई, वाचकाला दुःख होई, पण रात्री दोन वाजता पान दुसऱ्यांदा बांधायचे ते आम्हाला." पान बांधायला दोनदा मेहनत, ओव्हरटाइम मात्र मागण्याची सोय नाही, कारण मागणाऱ्याकडे बघणारे डोळे बदलले होते.

आणि ते घड्याळ चालूच. शिक्का उशिरा आला की डाक आवृत्ती चुकली. गाडी गेली की गठ्ठे प्लॅटफॉर्मवर पडणार, आणि शिळ्या अंकाला एजंट पैसे देत नाही. दोन-चार रात्री असे झाले की मालक म्हणणार, कशाला ती भानगड, खात्रीचा मजकूरच लावा. माझ्या मते सेन्सॉरशिपचा खरा जोर इथे होता. कायद्याच्या कलमापेक्षा घड्याळाने जास्त लोकांना गप्प केले. उपसंपादक बातमी हातात घेतानाच विचार करू लागला, ही अडेल का? अडेल असे वाटले तर टोपलीत. पुढे पुढे प्रत्येक पान दाखवायची सक्ती सैल झाली, तोवर माणसाच्या डोक्यातच सेन्सॉर जाऊन बसला होता. त्याला पगारही द्यावा लागत नव्हता.

हुकूमही कसे येत? पुष्कळदा फोनवर. अमक्या सभेची बातमी नको, तमक्या कोर्टाच्या निकालाची नको, ह्याचे भाषण पहिल्या पानावर घ्या. कागद नाही, सही नाही. डेस्कवरचा माणूस एका वहीत टिपून ठेवी, म्हणजे पाळी बदलल्यावर पुढच्याला कळेल. आपल्याकडे कंट्रोलर फोनवर मेमो देतो त्यालाही प्रायव्हेट नंबर असतो. इथे तेवढेही नव्हते. १९७७ मध्ये चौकशी झाली तेव्हा ही फोनची पद्धत उघडी पडली.

कोणत्या बातम्या गेल्या, हे आपल्या दृष्टीने महत्त्वाचे. दिल्लीत एप्रिल १९७६ मध्ये तुर्कमान गेटला घरे पाडली, गोळीबार झाला, त्याचे खरे वर्णन देशाला वाचायला मिळाले नाही. पण मी बोनसची गोष्ट सांगतो. सप्टेंबर १९७५ मध्ये वटहुकूम काढून किमान बोनस ८.३३ टक्क्यांवरून ४ टक्क्यांवर आणला. कामगाराच्या खिशातला हक्काचा पैसा निम्म्याहून कमी केला. एरवी या गोष्टीवर देशभर मोर्चे निघाले असते आणि मोर्च्यांच्या बातम्यांनी आणखी मोर्चे निघाले असते. इथे वटहुकूम छापून आला, पण त्याविरुद्ध कोण काय म्हणाले ते फारसे आले नाही. कानपूरच्या गिरणी कामगाराला मुंबईच्या कामगाराचे काय चालले आहे ते कळायला मार्ग राहिला नाही. प्रत्येकाला वाटले, आपण एकटेच कुरकुरतो आहोत. संप मोडायला इतके स्वस्त हत्यार दुसरे नाही.

आपला १९७४ चा संप आठवा. ८ मे ते २७ मे. हजारोंना अटक, हजारोंना नोकरीवरून काढले, क्वार्टरमधून बायकापोरांना बाहेर काढले, किती जणांच्या सर्व्हिसमध्ये ब्रेक पडला. आणीबाणी आली तेव्हा त्यातली पुष्कळ माणसे अजून रस्त्यावरच होती. त्यांची दाद-फिर्याद वर्तमानपत्रात येणे १९७५ च्या जूननंतर बंद झाले. त्याऐवजी काय येत होते? गाड्या वेळेवर धावतात! हे वाक्य आजही लग्नाच्या पंगतीत कोणी तरी ऐकवतो. मी रेल्वेवाला आहे, म्हणून दोन शब्द बोलतो. गाडी वेळेवर धावली तर मला आनंदच आहे, ते आमचे काम आहे. पण त्या एकोणीस-वीस महिन्यांत गाडी लेट झाली, अपघात झाला, गँगमनला सोळा तास ड्युटी करावी लागली, तर ते लिहिणार कोण आणि छापणार कोण? ज्या वर्तमानपत्रात उशिरा आलेल्या गाडीची बातमी येऊ शकत नाही, त्या वर्तमानपत्राच्या साक्षीवर वक्तशीरपणा सिद्ध होत नाही.

वृत्तसंस्थांचे काय केले ते टपाल-तार खात्यातल्या मित्रांनी जरूर समजून घ्यावे. फेब्रुवारी १९७६ मध्ये पी.टी.आय., यू.एन.आय., हिंदुस्थान समाचार आणि समाचार भारती या चार संस्था एकत्र करून "समाचार" नावाची एकच संस्था केली. कचेरीतल्या उपसंपादकाकडे पूर्वी दोन तारा येत, एकीत काही राहिले तर दुसरीत सापडे, दोन्ही ताडून पाहता येत. आता एकच तार. ती सांगेल ते खरे. त्याआधी डिसेंबर १९७५ मध्ये वटहुकूम काढून प्रेस कौन्सिल मोडली आणि संसदेचे कामकाज निर्धास्तपणे छापण्याचे संरक्षण देणारा १९५६ चा कायदा रद्द केला. तो कायदा खासदार म्हणून फिरोज गांधींनी आणला होता. नवऱ्याने आणलेला कायदा बायकोच्या सरकारने घालवला, याहून जास्त मी काही बोलत नाही.

सगळेच गप्प बसले असे मात्र नाही. २८ जूनला "इंडियन एक्सप्रेस"ने अग्रलेखाची जागा कोरी सोडली. त्याच दिवशी मुंबईच्या "टाइम्स ऑफ इंडिया"त छोट्या जाहिरातींत एक निधनवार्ता आली. मयताचे नाव इंग्रजी अक्षरे तोडून असे लिहिले होते की जोडून वाचले तर "डेमोक्रसी". बायकोचे नाव सत्य, मुलाचे स्वातंत्र्य, भावंडे श्रद्धा, आशा आणि न्याय, मृत्यू २६ जून. जाहिरात घेणाऱ्या कारकुनाने शब्द मोजले, पैसे घेतले, पावती दिली. एका आर्थिक साप्ताहिकाच्या संपादकाने देशातल्या मेंढ्यांवर लेख लिहिला, आणि मेंढ्यांची संख्या दिली ती तेव्हाच्या लोकसंख्येइतकी. अबू अब्राहम यांचे ते व्यंगचित्र तुम्ही पाहिले असेल, राष्ट्रपती आंघोळीच्या टबात बसून वटहुकुमांवर सह्या करताहेत. ते १० डिसेंबर १९७५ ला छापूनही आले. "शंकर्स वीकली" मात्र ऑगस्ट १९७५ च्या अखेरीस बंद झाले.

आपल्या मुंबईतही "फ्रीडम फर्स्ट" मासिकाच्या मिनू मसानींचा अकरा ठिकाणचा मजकूर सेन्सॉरने अडवला. ते हायकोर्टात गेले आणि फेब्रुवारी १९७६ मध्ये जिंकले. सरकारवर टीका करणे म्हणजे देशाविरुद्ध वागणे नव्हे, आणि सगळ्या पत्रांना एकच सूर लावायला सांगणे हे सेन्सॉरचे काम नाही, असा त्या निकालाचा आशय. गुजरातेत "भूमिपुत्र" या लहान पत्राने असाच निकाल मिळवला. पुण्याच्या "साधना"वर जप्ती आली, तेही कोर्टात झगडले. यांच्याकडे ना रोटरी यंत्रे, ना सरकारी जाहिराती. मोठ्यांपेक्षा लहान पत्रे जास्त लढली, याचे कारण मला वाटते एवढेच की त्यांच्याकडे गमावण्यासारखे कमी होते. कुलदीप नय्यर जुलै १९७५ मध्ये तुरुंगात गेले. देशभरात अडीचशेच्या आसपास पत्रकार आत होते.

लालकृष्ण अडवाणी पुढे माहितीमंत्री झाले. तुम्हाला वाकायला सांगितले होते, तुम्ही रांगू लागलात, असे ते पत्रकारांना म्हणाले हे प्रसिद्ध आहे. वाक्य चांगले आहे, पण मला त्यात एक गोष्ट खटकते. रांगले कोण? कागदाचा कोटा, सरकारी जाहिराती, बँकेचे कर्ज, यांच्या चाव्या ज्यांच्यासाठी फिरत होत्या ते मालक, आणि त्यांच्या मर्जीवर असलेले संपादक. रात्रपाळीच्या उपसंपादकाला कोणी विचारले नाही, वाकतोस का रांगतोस. जुळाऱ्याला तर नाहीच. तरीही काही ठिकाणी अशी माणसे ठाम राहू शकली. त्यांच्या पाठीशी १९५५ चा श्रमिक पत्रकार कायदा होता, वेतन मंडळ होते, युनियन होती. उद्या सकाळी नोकरी जाणार नाही एवढी खात्री असेल तर माणूस रात्री बातमी लावताना थोडा सरळ बसतो.

हे आज का सांगतो? मजिठिया वेतन मंडळाच्या शिफारशी २०११ मध्ये लागू झाल्या, सुप्रीम कोर्टाने २०१४ मध्ये त्या उचलून धरल्या, तरी पैसे मिळवण्यासाठी पत्रकारांना दारोदार कोर्टकचेऱ्या कराव्या लागल्या. आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून नव्या श्रमसंहिता अमलात आल्या, त्यांत तो १९५५ चा स्वतंत्र कायदा संपला. आजचा वार्ताहर बहुतेक कॉन्ट्रॅक्टवर आहे, आपल्या स्टेशनवरच्या सफाई कामगारासारखा. आपली प्रेसनोट घेऊन गेलो की तो पोरगा आपल्याला नीट बोलतो, सहानुभूती दाखवतो, पण बातमी येत नाही. मागच्या वर्षी एका जिल्हा पत्राकडे आम्ही रनिंग स्टाफच्या विश्रांतीच्या तासांचा विषय तीनदा दिला, तीनदा नाही आला. त्या पोरावर रागवू नका. त्याला फोन करणारा सेन्सॉर सरकारी कचेरीत बसलेला असेलच असे नाही, तो जाहिरात विभागातही बसलेला असतो.

असो. १८ जानेवारी १९७७ ला इंदिराजींनी निवडणुका जाहीर केल्या आणि दोनच दिवसांत सेन्सॉरशिप ढिली केली. कचेऱ्यांत एक विचित्र प्रकार झाला. हात मोकळे झाले, पण लिहिण्याची सवय मोडली होती. पहिले काही दिवस लोक जपून लिहीत होते. मग २ फेब्रुवारीला जगजीवनराम काँग्रेसमधून बाहेर पडले आणि पानांचा रंग पालटला. दिल्लीत रामलीला मैदानावर विरोधकांची सभा होती त्या रविवारी दूरदर्शनवर "बॉबी" चित्रपट लावला, तरी लोक सभेला गेले. वडील सांगत, त्या महिन्यांत मेल व्हॅनमध्ये वर्तमानपत्रांच्या बंडलांचे ओझे वाढलेले हातांना कळत होते. ज्या गावाला पाच अंक जात तिथे पंधरा जाऊ लागले.

२० मार्चला मतमोजणी. त्या रात्री वर्तमानपत्रांच्या कचेऱ्यांसमोर माणसांची गर्दी. बाहेर फळे लावलेले, एकेक आकडा आला की मुलगा शिडीवर चढून खडूने लिहितो आणि खाली ओरडा होतो. रेडिओवर रायबरेलीचा निकाल येईना. कचेरीतल्या टेलिप्रिंटरभोवती संपादकापासून शिपायापर्यंत सगळे उभे. राजनारायण ५५,२०२ मतांनी पुढे, ही बातमी पक्की झाली तेव्हा देशात पुष्कळ ठिकाणी पान पुन्हा फोडले गेले. पान फोडायला फोरमनने त्या रात्री एकदाही तक्रार केली नाही, असे ते स्वतःच मला म्हणाले. २१ मार्चला आणीबाणी उठली. "समाचार" मोडून जुन्या चार संस्था पुन्हा वेगळ्या व्हायला मात्र एप्रिल १९७८ उजाडला. बिघडवायला एक रात्र पुरते, जागेवर आणायला वर्ष लागते, हे रुळाचे काम करणाऱ्यांना सांगायला नको.

आणि आपल्या घरची बातमी राहिलीच. तुरुंगातून निवडून आलेले जॉर्ज फर्नांडिस मंत्री झाले, आणि बंगळूरच्या तुरुंगात राहून आलेले प्रा. मधु दंडवते रेल्वेमंत्री झाले. १९७४ च्या संपात काढलेल्या कामगारांना परत घेण्याचा निर्णय त्यांनी केला. ही बातमी घेऊन येणारे गठ्ठे ज्यांनी गाडीत चढवले आणि उतरवले, त्यांतल्या पुष्कळांचे भाऊबंद त्या यादीत होते. काही जण ऑर्डर हातात पडण्याआधीच वर्तमानपत्राची घडी खिशात घालून लोको शेडच्या गेटवर जाऊन उभे राहिले. टाइमकीपरने त्यांना सांगितले, वर्तमानपत्रावर ड्युटी मिळत नाही, ऑर्डर आणा. नियमाने त्याचे बरोबर होते. पण त्याने त्यांना चहा पाजला, हेही सांगितले पाहिजे.

मला सांगायचे होते ते झाले. आता प्रश्न विचारा. ज्यांना संध्याकाळच्या पॅसेंजरने परत जायचे आहे त्यांनी आधी विचारावे.